आठवणी कोणाच्या नांवावर?

गेल्या महिन्यांत आमच्या भागांतील एका साहित्यसभेस जाण्याचा योग आला. विषय होता 'अनुबोधपट आणि वाङ्मय'. वक्ते व्यासंगी, वयानें आणि मानानें वडील. त्यांच्या शब्दास सभेंत वजन होतें, आणि तें असावें असेंच त्यांचें आजवरचें काम आहे. परंतु त्या दिवशीं त्यांनीं जें मत मांडलें आणि श्रोत्यांनीं टाळ्यांच्या गजरांत उचलून धरलें, तें इतकें सरसकट आणि माझ्या समजुतीप्रमाणें इतकें अपायकारक होतें कीं, त्याचा प्रतिवाद करणें मला कर्तव्य वाटतें. सभेंत उठून बोलण्याचें धैर्य मला झालें नाहीं. ती उणीव येथें भरून काढीत आहें.

त्यांचें म्हणणें थोडक्यांत असें: अनुबोधपटाचें काम माहिती देण्याचें. धरण कसें बांधलें, रोग कसा टळतो, थोर पुरुष कोठें जन्मला, हें त्यानें सांगावें आणि बाजूस व्हावें. अलीकडे कांहीं मंडळी स्वतःच्या आईबापांचीं चित्रें, जुनीं पत्रें, घरगुती फिती व तुटक आठवणी एकत्र जोडतात, त्यांस प्रयोग म्हणतात आणि परदेशांतील महोत्सवांत मिरवितात. ही ना माहिती, ना कला. आपल्या घरचा अल्बम चव्हाट्यावर मांडण्याचा हा हव्यास आहे. शिवाय आठवण म्हणजे पुरावा नव्हे. ज्यास पुरावा नाहीं तें इतिहासांत बसत नाहीं आणि ज्यास कथानक नाहीं तें वाङ्मयांत बसत नाहीं. मग अशा कृतीची जागा कोठें?

प्रश्न रोकडा आहे, आणि त्याचें उत्तरहि रोकडेंच दिलें पाहिजे.

प्रथम नांवाचाच विचार करूं. कारण बरेचसे गैरसमज नांवापासूनच सुरू होतात. हल्लीं सर्रास 'माहितीपट' असें म्हणतात. हा शब्द एकदां पत्करला कीं वक्त्यांचा अर्धा युक्तिवाद न मांडतांच सिद्ध होतो. माहितीपटाकडून माहितीखेरीज आणखी कशाची अपेक्षा करावयाची? परंतु आपल्या भाषेंत 'अनुबोधपट' हाहि शब्द आहे व सभेच्या पत्रिकेवर तोच छापलेला होता. संस्कृत कोशांत 'अनुबोध' ह्याचा अर्थ मागाहून होणारें ज्ञान, पुनःस्मरण, असा दिला असून, उडून गेलेला सुगंध पुन्हा जागा करणें असाहि एक अर्थ नोंदला आहे. ज्या कोणीं हा शब्द चित्रपटास लावला, त्याच्या मनांत हा अर्थ असो वा नसो. शब्दाच्या पोटांत तो आहे. तेव्हां स्मृतीचा शोध घेणारा अनुबोधपट आपल्या धर्मापासून ढळलेला नसून, नांवाप्रमाणें वागणारा तोच एक आहे, असें म्हणावयास काय हरकत आहे?

प्रयोग हें परदेशांतून आणलेलें थेर आहे, हा आरोप तर मराठी माणसाच्या तोंडीं मुळींच शोभत नाहीं. कथापट आपल्याकडे येण्यापूर्वीं अनुबोधपट आला. १८९९ सालीं हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा ह्यांनीं मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील एक कुस्ती फितीवर उतरविली, आणि १९०१ सालीं केंब्रिजहून सीनिअर रँग्लर होऊन परत आलेल्या रघुनाथराव परांजपे ह्यांच्या स्वागताचें चित्रण केलें. दादासाहेब फाळके ह्यांनीं 'राजा हरिश्चंद्र' १९१३ सालीं लोकांपुढें आणला; पण त्याआधीं त्यांनीं कुंडींत वाटाण्याचा दाणा पेरला होता, आणि त्या अंकुराची वाढ ते दिवसामागून दिवस, एकेक चौकट करून टिपीत राहिले होते. वाटाणा उगवतो ही माहिती कोणास नवी होती? परंतु डोळ्यांस एरवीं कधींच न दिसणारा काळ त्या चित्रांत डोळ्यांस दिसला. अर्थात् आपल्या चित्रपटाचा जनक कथेकडे वळण्यापूर्वीं प्रयोगाकडे वळला होता. हें जर थेर असेल, तर तें नाशिककडचें आहे, पॅरिसचें नव्हे.

ह्याच फाळक्यांनीं पुढें चित्रपटास कंटाळून काशीची वाट धरली व तेथें 'रंगभूमि' नांवाचें नाटक लिहिलें. त्या अज्ञातवासाचा माग काढीत कमल स्वरूप ह्यांनीं २०१३ सालीं 'रंगभूमि' ह्याच नांवाचा अनुबोधपट केला. त्यास राष्ट्रीय पुरस्कारहि मिळाला. मराठी माणसाची आठवण शोधण्यास एक अमराठी चित्रकार काशीच्या गल्ल्यांतून हिंडला, आणि आम्ही मात्र प्रयोग म्हटला कीं नाक मुरडतों. फाळक्यांनीं शंभराच्या आसपास चित्रपट काढले. त्यांतले आज पाहावयास मिळतात ते थोडे, आणि तेहि बहुतेक तुटक. २००३ सालीं पुण्यांत नायट्रेट फितींच्या कोठारास आग लागली, आणि जुन्या चित्रपटांचा मोठा ठेवा जळून गेला. ज्या समाजाची स्मृति अशी हातोहात नष्ट होत आली आहे, त्यानें स्मृतीच्या मागें लागणाऱ्यास हंसावें, हें विपरीत नव्हे काय?

आतां घरगुतीपणाचा आक्षेप. ज्या भाषेंत रमाबाई रानडे ह्यांच्या 'आमच्या आयुष्यांतील कांहीं आठवणी' १९१० सालीं निघाल्या, ज्या भाषेंत लक्ष्मीबाई टिळकांचीं 'स्मृतिचित्रें' घरोघर वाचलीं गेलीं, ज्या भाषेंत १९७८ सालीं दया पवारांच्या 'बलुतं'नें गांवकुसाबाहेरच्या एका घरच्या आठवणींतून साऱ्या समाजापुढें आरसा धरला, त्या भाषेंतील विद्वानानें 'घरच्या आठवणी हें वाङ्मय नव्हे' असें म्हणावें, ह्याचें मला खरोखर नवल वाटतें. लेखणीस जें भूषण, तेंच कॅमेऱ्यास लांच्छन कां व्हावें? लक्ष्मीबाईंनीं तर आपल्या पुस्तकाच्या नांवांतच स्मृति आणि चित्र हे दोन शब्द एकत्र आणून ठेविले आहेत.

वक्त्यांच्या टीकेचा मुख्य रोख आनंद पटवर्धन ह्यांच्या 'वसुधैव कुटुम्बकम्' ह्या २०२३ सालीं पडद्यावर आलेल्या अनुबोधपटावर होता. पटवर्धनांची आजवरची ख्याति निराळी. मोर्चे, संप, दंगली, झोपडपट्ट्या, 'राम के नाम' सारखीं वादळ उठविणारीं चित्रें. रस्त्यावरच्या माणसाच्या तोंडून देशाची हकीगत ऐकणें हा त्यांचा बाणा. त्यांनीं ह्या वेळीं कॅमेरा घराच्या आंत वळविला. आईवडील थकत चालले असतां त्यांच्याशीं बोलतां बोलतां जें टिपलें, त्यांतून हें चित्र उभें राहिलें. वडील बाळू पटवर्धन अहमदनगरच्या प्रसिद्ध घराण्यांतले; रावसाहेब व अच्युतराव हे त्यांचे बंधु, आणि १९४२ च्या भूमिगत चळवळींतील अच्युतरावांचें नांव कोणास ठाऊक नाहीं? आई निर्मलाबाई सिंधमधल्या, शांतिनिकेतनांत शिकलेल्या, मातीच्या भांड्यांच्या कलेंत नांव मिळविलेल्या. त्यांचे वडील भाई प्रताप ह्यांनीं फाळणीनंतर सिंधी निर्वासितांसाठीं कच्छांत गांधीधाम वसविण्यांत पुढाकार घेतला. ह्या चित्रांत माहिती नाहीं असें म्हणणाऱ्यानें तें नीट पाहिलेंच नसावें. माहिती आहे, पण ती नवराबायकोच्या बोलण्यांतून, थकलेल्या आवाजांतून, घरांत माणसें जशीं सांगतात तशी येते. पाठ्यपुस्तकांत फाळणी ही एक तारीख असते. येथें ती कोणाची तरी आई आहे. हा फरक ज्यास कळला नाहीं, त्यास इतिहासाच्या तारखा पाठ असतील, इतिहास कळला आहे असें म्हणवत नाहीं.

स्मृति आणि पुरावा ह्यांचें नातें किती जवळचें आहे, हें ह्याच चित्रकाराच्या दुसऱ्या एका कृतींत दिसतें. १९८५ च्या 'हमारा शहर' मध्यें विलास घोगरे हे शाहीर गातांना दिसतात. त्या वेळीं तें एक गाणें होतें, इतकेंच. ११ जुलै १९९७ रोजीं घाटकोपरच्या रमाबाई नगरांत पोलिसांच्या गोळीबारानें दहा माणसें मेलीं, आणि त्यानंतर थोड्याच दिवसांत घोगऱ्यांनीं गळफास लावून घेतला. मग तो धागा धरून चौदा वर्षें काम चाललें व २०११ सालीं 'जय भीम कॉम्रेड' पुरा झाला. १९८५ सालीं कोणास ठाऊक होतें कीं, ती फीत पुढें कशाची साक्ष होणार आहे? आठवण आधीं सांठवावी लागते. तिची किंमत काळ मागाहून ठरवितो. आधीं पुरावा सिद्ध करा आणि मगच चित्र काढा, हा वक्त्यांचा नियम पाळला असता तर त्या शाहिराचा आवाज आज कोठें उरला असता?

तथापि एका बाबतींत वक्त्यांची शंका मला रास्त वाटते, आणि ती मान्य न करणें अप्रामाणिकपणाचें होईल. पायल कपाडिया ह्यांच्या 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग' ह्या चित्रास २०२१ सालीं कान येथें अनुबोधपटाचा सर्वोच्च सन्मान मिळाला. त्यांत पुण्याच्या चित्रपटसंस्थेंतील २०१५ च्या एकशें एकोणचाळीस दिवसांच्या संपाचीं खरीं दृश्यें आहेत; जुन्या घरगुती फितीहि आहेत; परंतु त्यांस एकत्र बांधणारीं एका विद्यार्थिनीचीं पत्रें मात्र रचलेलीं आहेत. जातीच्या भिंतीमुळें दुरावलेल्या प्रियकरास लिहिलेलीं तीं पत्रें जुन्या सामानांत सांपडलीं, अशी बतावणी केली आहे. हें कितपत योग्य? आपल्याकडे कीर्तनकार पूर्वरंगांत सिद्धांत मांडतो व उत्तररंगांत आख्यान लावतो; आख्यानांतील प्रत्येक संवाद घडलाच असें कोणी श्रोता मानीत नाहीं, आणि म्हणून कीर्तनकारास कोणी लबाडहि म्हणत नाहीं. परंतु तेथें बुवा आणि श्रोते ह्यांचा करार शतकांचा आहे. अनुबोधपटाचा करार अजून कोंवळा आहे. म्हणून खरें आणि रचलेलें ह्यांमधील शिवण प्रेक्षकास दिसूं द्यावी, एवढी मागणी आपण प्रयोगकर्त्याकडे अवश्य करावी. पण शिवणीविषयीं तक्रार आहे म्हणून वस्त्रच फाडून टाकावें, हा न्याय नव्हे.

आतां मुख्य मुद्द्याकडे येतों: आठवण म्हणजे पुरावा नव्हे. राजवाड्यांनीं बखरींची झाडाझडती घेऊन अस्सल कागदपत्रांचा आग्रह धरला, हें ऋण कोणताहि मराठी माणूस विसरणार नाहीं. आठवण चुकते, लपविते, स्वतःस सोयीचें तेवढें ठेवते, हें सारें खरें. परंतु कागद चुकत नाहीं काय? मी ज्या जिल्ह्याचा रहिवासी आहें, त्या यवतमाळांत शेतकऱ्यानें जीव दिला म्हणजे त्याच्या मृत्यूवर सरकारी कागदांत 'पात्र' किंवा 'अपात्र' असा शेरा पडतो. त्यावर मदत मिळणें न मिळणें ठरतें. शेत नांवावर आहे काय, कर्ज कोणाचें, तगादा होता काय, हें पाहिलें जातें. पोटखंडानें किंवा मक्त्यानें जमीन कसणाऱ्याचें नांव सातबाऱ्यावर नसतें. जन्मभर शेतांत राबलेल्या बाईचें तर बहुधा नसतेंच. म्हणजे कागदाच्या दृष्टीनें ती शेतकरीण नव्हतीच. उद्यां शंभर वर्षांनीं एखादा संशोधक येईल, दप्तर उघडील आणि 'अपात्र' हा शब्द अस्सल पुरावा म्हणून उतरून घेईल. त्या बाईच्या लेकीच्या आठवणींत जें आहे तें त्यास कोठें मिळणार? कागदास आठवणीनें आणि आठवणीस कागदानें तपासावें लागतें. ह्यांपैकीं एक साक्षीदारच कोर्टाबाहेर हांकलून द्यावा, असें म्हणणारा न्याय मागत नसतो. निकाल मागत असतो.

हा वाद माझ्या दृष्टीनें केवळ रसिकांचा नाहीं, कारण मी फुलसावंगीचा आहें. महागांव तालुक्यांतलें हें गांव. कापसाचा मुलूख, भोंवतीं बंजाऱ्यांचे तांडे, दक्षिणेस पैनगंगा आणि नदीपलीकडे माहूरची रेणुका. आमच्या जिल्ह्यांत कॅमेरे आले नाहींत असें नाहीं. 'निरोज गेस्ट्स' २००९ सालीं, 'कॉटन फॉर माय श्राउड' व 'बिटर सीड्स' २०११ सालीं, असे विदर्भाच्या कापूस-शेतकऱ्यांवरचे अनुबोधपट निघाले. त्यांतील शेवटचा तर ह्याच जिल्ह्यांतील एका खेड्यांत घडतो. तीं कामें तळमळीचीं आहेत. त्यांनीं जगास जें सांगितलें तें सांगणें अवश्य होतें, आणि त्यांचे उपकार नाकारणें कृतघ्नपणाचें होईल. 'बिटर सीड्स' मध्यें गांवांतलीच एक मुलगी पत्रकार होण्याची धडपड करीत प्रश्न विचारते. मला त्या चित्राचा तोच भाग सर्वांत जिवंत वाटतो. परंतु परिणाम काय झाला? यवतमाळ म्हटलें कीं ऐकणाऱ्याच्या मनांत एकच चित्र उमटतें: फांस, विषाची बाटली आणि उंबऱ्यांत बसलेली विधवा. आम्ही ज्या रीतीनें मरतों तेवढेंच जगास पाठ. आम्ही ज्या रीतीनें जगतों त्याची फीत कोठेंच नाहीं.

आणि खुद्द फुलसावंगीचें काय? ऑगस्ट २०२१ मध्यें ह्या गांवांतील एका तरुण कारागिरानें स्वतःच्या हातांनीं हेलिकॉप्टर घडविलें, आणि त्याच्या चाचणीच्या वेळीं पातें लागून तो मृत्यू पावला. तो प्रसंग कोणीतरी भ्रमणध्वनीवर टिपला होता. कांहीं क्षणांचें तें चित्र एका दिवसांत देशभर फिरलें. आज पुण्यामुंबईस मीं माझ्या गांवाचें नांव सांगितलें कीं समोरचा गृहस्थ क्षणभर आठवून म्हणतो, "तें हेलिकॉप्टरवालें गांव का?" इतक्या पिढ्या नांदलेल्या गांवाची ओळख एका मुलाच्या मरणाचे कांहीं क्षण होऊन बसली. वक्त्यांच्या कसोटीनें पाहिलें तर त्या फितींत माहिती आहे, पुरावा आहे, आरंभ आणि शेवटहि आहे. नाहीं तो मनुष्य. पत्रे कापतांना, जोडणी चुकल्यावर पुन्हा उकलतांना, रात्रीं उशिरां काम संपवून घरीं परततांना तो कसा होता, त्यास कोणीं हंसलें, कोणीं पैसे उसने दिले, आकाशांत उडण्याची ओढ आमच्या काळ्या मातींत कोठून उगवली, हें सांगणारें चित्र करावयाचें तर तें स्मृतीचेंच चित्र होईल. तें करण्यास धीर हवा, माया हवी आणि आप्तांची संमति हवी. मरणाची फीत पसरविण्यास ह्यांपैकीं कशाचीहि गरज लागली नाहीं.

येथें मला स्वतःचाहि एक दोष कबूल केला पाहिजे. माझी आजी नदीपलीकडची. तिच्या तरुणपणीं पैनगंगा ही दोन राज्यांची सीमा होती. अलीकडे वऱ्हाड, पलीकडे निजामशाही. रझाकारांच्या धामधुमींत, १९४८ सालीं, माझ्या वडिलांना कडेवर घेऊन ती नदी उतरून आली. ती हकीगत ती दर पावसाळ्यांत सांगत असे, आणि आम्ही पोरें ती अर्धवट ऐकून झोपीं जात असूं. पुढें मी इंग्रजी वाङ्मयाचा पदवीधर झालों, प्राध्यापक झालों. वर्ड्‌स्वर्थ हा स्मृतीचा केवढा मोठा कवि, हें दरवर्षीं नव्या मुलांना सांगूं लागलों. घरीं माझ्यापाशीं एक टेप-रेकॉर्डर होता. त्यावर मी इंग्रजी उच्चारांच्या फिती ऐकत असें. आजी त्याच खोलींत बसलेली असे. तिचा आवाज त्या यंत्रांत एकदांहि भरून घ्यावा असें मला सुचलें नाहीं. २००६ सालीं ती गेली. आज वडील म्हणतात, नदीस पूर होता. आत्याबाई म्हणतात, पाणी घोट्याएवढें होतें. ज्या घरीं पहिला आसरा मिळाला तें कोणाचें, ह्यावरहि दोघांचें एकमत नाहीं. ती माणसें आमच्या कुळाचीं उपकारकर्तीं. पण त्यांचें नांव आतां कधींच कळणार नाहीं. ह्या गोष्टीचा कागद कोठेंहि नाहीं. होती ती एक आठवण, आणि ती माझ्या बेफिकिरीनें नष्ट झाली.

कोणी म्हणेल, पटवर्धनांच्या घरीं अच्युतराव होते. तुमच्या आजीच्या आठवणींत जगास काय स्वारस्य? ह्या आक्षेपांत थोडें सत्य आहे. थोरामोठ्यांच्या घरचे अल्बम जपले जातात, कारण तेथें कॅमेरा लवकर पोंचतो. परंतु ह्यावरून निघणारा निष्कर्ष वक्त्यांच्या उलट आहे. घरगुती आठवणींचीं चित्रें निरर्थक आहेत असें ह्यावरून ठरत नाहीं. तीं थोड्याच घरांचीं निघतात, हें दुःख आहे. आज कॅमेरा प्रत्येक खिशांत आहे. लग्नांतल्या वराती, वाढदिवसाचे केक आणि अपघात आपण त्यानें टिपतों. ओसरीवर बसलेला ऐंशीनव्वद वर्षांचा म्हातारा, जुन्या सीमेची गोष्ट सांगणारी शेवटची पिढी, तांड्यावर पिढ्यांचीं नांवें मुखोद्गत असलेला ढाडी, ह्यांच्याकडे तो वळत नाहीं.

म्हणून माझें मागणें अगदीं माफक आहे. आमच्या महाविद्यालयांतून इतिहासाच्या व मराठीच्या विद्यार्थ्यांनीं वर्षाकांठीं एक तरी वृद्ध माणूस, त्याच्या संमतीनें, त्याच्या घरीं बसून, घाई न करतां चित्रित करावा. तालुक्याच्या ग्रंथालयानें तें चित्रण पुस्तकासारखें जपावें. त्यावर तारीख, गांव व बोलणाऱ्यानें घातलेल्या अटी लिहाव्या. जें चित्र होईल तें प्रथम त्याच गांवांत दाखवावें; चुकलें असेल तें सांगण्याचा पहिला अधिकार तेथल्या माणसांचा आहे. ह्यांतून दहा वर्षांत एखादा जरी खरा चित्रकार निघाला, तरी तो आपल्या गांवाची ओळख परक्यांच्या हातून सोडवून आणील. आणि न निघाला, तरी सामग्री उरेल. पुढच्या राजवाड्यास ती उपयोगी पडेल.

आमचे विद्वान वक्ते ह्या लेखावर रागावणार नाहींत अशी मला आशा आहे. ते वयानें माझ्याहून वीस वर्षांनीं वडील आहेत. सभा संपल्यावर चहाच्या वेळीं ते लहानपणीं पाहिलेल्या एका जिनिंगच्या संपाची गोष्ट सांगत होते. आम्ही पांचसात जण भोंवतीं उभे राहून ऐकत होतों, आणि व्याख्यानाहून ती गोष्ट सर्वांना अधिक आवडली. तीहि कोणीं टिपली नाहीं. त्यांची अनुमति असेल, तर येत्या रविवारीं मी त्यांच्या घरीं येतों.